पागडीची खोली, भाडेपावती आणि मालक: मुंबईतल्या भाडेकरूंचे वारंवार विचारले जाणारे प्रश्न

गिरगाव, लालबाग, भायखळा, दादर इथल्या जुन्या इमारतींतले भाडेकरू आमच्या भाडेकरू समितीकडे जे प्रश्न घेऊन येतात, त्यातले पुन्हा पुन्हा येणारे इथे एकत्र केले आहेत. येणाऱ्याच्या हातात बहुतेक वेळा एक प्लास्टिकची पिशवी असते. तिच्यात आजोबांच्या काळापासूनच्या पावत्या, एखादी लग्नपत्रिका, लाइटची बिलं आणि मालकाच्या वकिलाची नोटीस. नोटिशीचं पाकीट अनेकदा बंदच असतं, कारण उघडायची भीती वाटते. पाकीट आधी उघडा. मुदत ते तुमच्या हातात पडलं त्या दिवसापासून मोजतात, तुम्ही वाचलं त्या दिवसापासून नाही.

उत्तरं महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९ आणि म्हाडा कायद्याच्या आधारे दिली आहेत. कोर्टात दावा लागला असेल तर मात्र स्वतःचा वकील हवाच.

१. पागडी मोजून खोली घेतली. मग ती आमच्याच मालकीची ना?

नाही. तुम्ही पागडी, म्हणजे खोली घेताना एकरकमी मोजलेले पैसे, देऊन भाडेकरूचा हक्क घेतला, भिंती आणि जमीन मालकाचीच राहिली. पण तो हक्क कच्चा नाही. कायद्यात दिलेल्या कारणांशिवाय आणि कोर्टाच्या हुकुमाशिवाय तुम्हाला कोणी काढू शकत नाही.

१९४७ च्या मुंबई भाडे कायद्यात पागडी घेणं गुन्हा होता, त्यामुळे जुन्या व्यवहारांचा कागद सहसा सापडत नाही. पैसे रोख गेले आणि हातात फक्त भाडेपावती आली. १९९९ च्या कायद्याने, कलम ५६ मध्ये, अशी रक्कम घेणं कायदेशीर केलं. खोली दुसऱ्याच्या नावावर करताना मालकाची संमती लागते आणि तो साधारण एक तृतीयांश रक्कम मागतो. ही बाजारातली प्रथा आहे, कायद्यात असा आकडा नाही.

भाडं इतकं कमी का, हेही बरेच जण विचारतात. १ सप्टेंबर १९४० च्या पातळीला ते गोठवलं गेलं होतं. डिसेंबर १९९७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ही गोठवणूक आता अवाजवी झाल्याचं म्हटलं, आणि त्यानंतर नवा कायदा ३१ मार्च २००० पासून लागू झाला. मालक म्हणतो, महिन्याच्या भाड्यात सिमेंटची गोणीसुद्धा येत नाही. यात तथ्य आहे. पण जमिनीचा भाव त्याच्याच खिशात वाढत गेला, हे तो सांगत नाही.

२. आमचा अकरा महिन्यांचा करार आहे. हे सगळं आम्हालाही लागू होतं का?

बहुतेक नाही. असा करार म्हणजे लिव्ह अँड लायसन्स, ठरावीक मुदतीचा परवाना. त्यावर राहणारा कायद्याच्या भाषेत भाडेकरू नसतो. मुदत संपल्यावर जागा सोडली नाही तर कलम २४ प्रमाणे दुप्पट शुल्काने भरपाई द्यावी लागू शकते. बँका, सरकारी उपक्रम आणि एक कोटी किंवा त्याहून जास्त भरणा भांडवल असलेल्या कंपन्या यांनाही भाडे नियंत्रणाचं संरक्षण नाही.

२०२१ मध्ये केंद्राने आदर्श भाडेकरू कायद्याचा नमुना काढला तेव्हा "आता पागडी संपली" अशी आवई उठली होती. तो नमुना आहे, आपोआप कुठल्याच राज्यात लागू होत नाही.

३. मालक भाडं घेत नाही, पावतीही देत नाही. आम्ही स्वस्थ बसलो तर चालेल का?

अजिबात नाही. सगळ्यात जास्त खोल्या याच एका गोष्टीवरून जातात.

आधी भाडं गोळा करणारा मालकाचा मेहताजी यायचा बंद होतो. "शेठ बाहेरगावी आहेत, नंतर बघू" असं सांगितलं जातं. वर्ष जातं, दोन वर्षं जातात. भाडेकरूला वाटतं, बरं झालं, पैसे वाचले. मग एक दिवस थकबाकीची नोटीस येते.

उपाय साधा आहे. भाडं मनीऑर्डरने पाठवा. कुपनवर "खोली क्र. अमुक, अमुक महिना ते अमुक महिना, भाडे" असं स्पष्ट लिहा. ती "घेण्यास नकार" असा शेरा मारून परत आली तर तो कागद पावतीइतकाच जपा. कलम १५ सांगतं की भाडेकरू भाडं द्यायला तयार असेल तोवर त्याला काढता येत नाही. तयारी होती हे परत आलेली मनीऑर्डर दाखवते. पावती देणं मालकावर कलम ३१ प्रमाणे बंधनकारक आहे, हेही पत्राने कळवून ठेवा.

थकबाकीची नोटीस आलीच तर घाबरू नका. नोटिशीनंतर नव्वद दिवस गेल्याशिवाय मालकाला त्या कारणावरून दावा लावता येत नाही. दावा लागल्यावरही समन्स मिळाल्यापासून नव्वद दिवसांत सगळी थकबाकी १५ टक्के साध्या व्याजासह कोर्टात भरली, आणि निकाल लागेपर्यंत दरमहा भरत राहिलात, तर त्या कारणावरून खोली जात नाही. "दरमहा" हा शब्द लोक विसरतात. पहिली रक्कम भरतात आणि नंतर सुस्तावतात.

४. मालकाने भाडं एकदम दहापट केलंय. द्यायचं का?

प्रमाणित भाड्यावर (कायद्याप्रमाणे ठरणाऱ्या भाड्यावर) वर्षाला ४ टक्के वाढ मालक घेऊ शकतो. वाढलेले पालिका कर आणि इमारतीतल्या सुधारणा यांचा हिशेब वेगळा असतो, तो लेखी मागा. त्यापलीकडची मागणी मान्य नसेल तर जुनं भाडं अधिक कायदेशीर वाढ एवढी रक्कम पाठवत राहा (कशी, ते प्रश्न ३ मध्ये) आणि प्रमाणित भाडं ठरवून घेण्यासाठी लघुवाद न्यायालयात अर्ज करा. धोबीतलावचं स्मॉल कॉज कोर्ट म्हणतात ते हेच. वांद्र्यालाही त्याची शाखा आहे.

५. आम्ही चोवीस भाडेकरू आहोत. एकत्र कसं यायचं? संघटना नोंदवावी लागते का?

मालकाला चोवीस जणांशी एकदम बोलायचं नसतं. त्याला चोवीस वेगवेगळ्या खोल्यांशी चोवीस वेगवेगळे सौदे करायचे असतात. खालच्या मजल्यावरच्या दुकानदाराला एक आकडा, एकट्या राहणाऱ्या आजींना दुसरा, ज्याच्या मुलाचं लग्न तोंडावर आहे त्याला तिसरा. म्हणून समितीचा पहिला नियम एकच ठेवा: मालकाशी किंवा बिल्डरशी काहीही बोलणं झालं तर ते आठवड्याच्या आत सर्वांना सांगायचं.

एकत्र येऊन पत्र लिहायला, तक्रार करायला, सभा घ्यायला नोंदणी लागत नाही. बँकेत खातं उघडायचं असेल तर सोसायटी नोंदणी कायद्याखाली किमान सात जणांची संस्था करता येते. पुनर्विकासासाठी पुढे नियोजित सहकारी गृहनिर्माण संस्था करावी लागते, ती वेगळी गोष्ट.

आमच्या चाळीत पहिल्या सभेला नऊ जण आले होते, जिन्याखाली, मीटरच्या पेटीसमोर. सभेत पहिलं काम झालं ते यादीचं: खोली क्रमांक, पावती कोणाच्या नावावर, तो माणूस हयात आहे का, शेवटची पावती कोणत्या महिन्याची, मोरी आत की बाहेर, खोलीचं माप. दोन रविवार लागले. सातजणांच्या पावत्या वारलेल्या माणसाच्या नावावर निघाल्या (त्याबद्दल प्रश्न ९). ती यादी झाली आणि मालकाच्या माणसाचा आवाज आपोआप खाली आला.

दोन सूचना अनुभवाच्या. सभेचं इतिवृत्त वहीत लिहा आणि हजर असणाऱ्यांच्या सह्या घ्या. मोबाइलवरच्या "ओके" आणि अंगठ्यांवर पुढे भांडणं होतात. आणि गणेशोत्सवाची वर्गणी व कोर्टाचा निधी कधीही एका खात्यात ठेवू नका. देवाच्या पैशाचा हिशेब कोणी विचारत नाही, वकिलाच्या पैशाचा प्रत्येक जण विचारतो.

समितीत बायका असायलाच हव्यात. पावत्या पुरुषांच्या नावावर असतात, पण मालकाची माणसं दुपारी दोन वाजता येतात, आणि त्या वेळी दार बाईच उघडते.

६. पाण्याची लाइन तोडली, जिन्यातला दिवा काढला. पोलीस म्हणतात ही दिवाणी बाब आहे.

अत्यावश्यक सेवा तोडणं किंवा अडवणं कलम २९ प्रमाणे बेकायदा आहे. कोर्ट ती सेवा पुन्हा सुरू करण्याचा हुकूम देऊ शकतं, आणि दोषी ठरल्यास कैदेचीही तरतूद आहे. त्याच दिवशी तारीख-वेळेसह फोटो काढा, पोलीस ठाण्यात लेखी अर्ज देऊन पोच घ्या आणि लघुवाद न्यायालयात अर्ज करा. अर्ज शक्यतो सर्वांनी मिळून करा. स्वतःच्या नावावर वीज मीटर नसेल तर तोही घ्या. वीज कायद्यात जागेच्या मालकाप्रमाणे तिथे राहणाराही जोडणी मागू शकतो.

७. गच्ची गळते, गॅलरीला टेकू लावलेत. दुरुस्ती कोणी करायची?

मुळात मालकाने, कलम १४ प्रमाणे. त्याने केली नाही तर एकट्याने किंवा सर्वांनी मिळून किमान पंधरा दिवसांची लेखी नोटीस द्यायची, आणि तरीही हालचाल नसेल तर स्वतः दुरुस्ती करून खर्च भाड्यातून वळता करायचा. पण वर्षाला वळती करायची रक्कम त्या वर्षाच्या भाड्याच्या एक चतुर्थांशापेक्षा जास्त होऊ शकत नाही. महिना शंभर रुपये भाडं असेल तर वर्षाला तीनशे रुपये. गच्चीचं डांबरसुद्धा त्यात येत नाही. कलम चांगलं आहे, पागडीच्या भाड्याला त्याचा उपयोग मात्र मर्यादित. तरी नोटीस द्या, कारण "मालकाने दुर्लक्ष केलं" हे पुढे सिद्ध करायला ती लागते. इमारत उपकरप्राप्त असेल तर दुसरा दरवाजा उघडा आहे, पुढचा प्रश्न पाहा.

८. आमची इमारत उपकरप्राप्त आहे हे कसं ओळखायचं?

मुंबई शहरात, म्हणजे कुलाब्यापासून माहीम-सायनपर्यंत, ३० सप्टेंबर १९६९ पूर्वी बांधलेल्या खासगी इमारतींवर दुरुस्ती उपकर बसवला गेला. १ सप्टेंबर १९४० पूर्वीच्या "अ" वर्गात, तिथपासून १९५० अखेरपर्यंतच्या "ब" वर्गात, १९५१ पासूनच्या "क" वर्गात. मालमत्ता कराच्या बिलात उपकराची नोंद दिसते. अशा इमारतींची दुरुस्ती म्हाडाचं मुंबई इमारत दुरुस्ती व पुनर्रचना मंडळ करतं आणि पुनर्विकास मुंबईच्या विकास नियंत्रण नियमावलीतल्या नियम ३३(७) खाली होतो. उपनगरातल्या पागडीच्या इमारतींना हा उपकर नाही, त्यांचा नियमही वेगळा, ३३(७)(अ).

९. पावती वडिलांच्या नावावर आहे आणि ते वारले. मालक म्हणतो, हक्क त्यांच्याबरोबर गेला.

मालक चुकीचं सांगतो. मृत्यूच्या वेळी त्यांच्यासोबत राहणारा कुटुंबीय भाडेकरू ठरतो. असा कोणी नसेल तर वारसांपैकी कोण, हे सहमतीने किंवा कोर्टाने ठरतं. रेशनकार्ड, मतदार ओळखपत्र, मुलांचे शाळेचे दाखले, गॅस पासबुक, जे जे त्या पत्त्यावर आहे ते एका फाइलमध्ये लावा. मालकाला पत्र देऊन पावती नावावर करायला सांगा आणि भाडं "वारस अमुक" असं लिहून पाठवत राहा.

इथे एक खाच आहे. "बाबांनी मृत्युपत्रात खोली माझ्या नावे केली" असं पुतणे-भाचे येऊन सांगतात. सर्वोच्च न्यायालयाने १९९४ मध्ये म्हटलं आहे की संरक्षित भाडेकरूचा हक्क मृत्युपत्राने देता येत नाही. भावाभावांत भांडण असेल तर ते मालकासमोर काढू नका. त्यासाठीच तो थांबलेला असतो.

१०. आम्ही विरारला राहायला गेलो, खोलीला कुलूप आहे. काही धोका?

मोठा धोका. योग्य कारणाशिवाय सलग सहा महिने जागा वापरात नसेल तर मालक त्या कारणावर दावा लावू शकतो. अशा दाव्यांत लाइट बिल हा पहिला पुरावा असतो. सहा महिने शून्य युनिट दिसले की साक्षीदाराची गरज उरत नाही. "लांबच्या नातेवाइकाला ठेवतो" हाही उपाय नाही, कारण परवानगीशिवाय पोटभाडेकरू ठेवणं हे जागा जाण्याचं स्वतंत्र कारण आहे. आजारपण, बदली, दुरुस्ती अशी खरी कारणं असतील तर त्यांचे कागद त्याच वेळी जमा करा.

११. खोलीत ओटा बांधला, पार्टिशन घातलं. मालक म्हणतो कायमस्वरूपी बांधकाम केलं.

लाकडी पार्टिशन, स्वयंपाकाचा ओटा, दार, हवेसाठी खिडकी, जाळी, एसी, धुराडं ही कामं पालिकेच्या परवानगीने केली असतील तर कायदा त्यांना कायमस्वरूपी बांधकाम मानत नाही. पोटमाळा चढवणं किंवा गॅलरी विटांनी बंद करणं यांत मात्र अडकाल.

१२. मालक म्हणतो, त्याच्या मुलाला जागा हवी आहे.

मालकाची खरी आणि रास्त गरज हे कायद्यात मान्य कारण आहे. पण कोर्टाला एक गोष्ट तपासावीच लागते: हुकूम दिला तर जास्त हाल कोणाचे, आणि नाकारला तर कोणाचे. त्यामुळे मालकाकडे दुसऱ्या किती जागा आहेत, गेल्या काही वर्षांत त्याने कोणत्या रिकाम्या खोल्या दुसऱ्यांना दिल्या, याची माहिती लागते. ती एकट्या भाडेकरूला मिळत नाही. प्रश्न ५ मधली यादी इथे कामाला येते.

१३. "इमारत धोकादायक आहे, आठवड्यात खाली करा" अशी पालिकेची नोटीस लागली. खरी मानायची का?

नोटीस गंभीरपणे घ्याच. डोंगरीत आणि भेंडीबाजारात इमारती कोसळून माणसं गेली आहेत, त्यातल्या अनेकांना धोका माहीत होता. पण खोट्या स्ट्रक्चरल ऑडिटवर चांगली इमारत "सी-१" ठरवून घेण्याचे प्रकारही होतात.

म्हणून नोटीस लागताच ऑडिट अहवालाची प्रत मागा. वर्ग बघा: सी-१ म्हणजे ताबडतोब रिकामी करून पाडायची, सी-२ अ आणि सी-२ ब म्हणजे दुरुस्ती होऊ शकते, सी-३ म्हणजे किरकोळ. पटत नसेल तर समितीच्या खर्चाने दुसरं ऑडिट करून घ्या. दोन अहवाल परस्परविरोधी असतील तर प्रकरण पालिकेच्या तांत्रिक सल्लागार समितीपुढे जातं. हे सगळं आठवड्याच्या आत सुरू व्हायला हवं. तुमचा स्वतःचा इंजिनीयरही "सी-१" म्हणाला, तर वाद बाजूला ठेवा आणि बाहेर पडा. बाहेर पडताना काय करायचं ते प्रश्न १७ मध्ये.

१४. बिल्डरचा माणूस संमतीपत्रावर सही मागतोय. ५१ टक्के झाले की आमची गरज उरत नाही म्हणतो.

उपकरप्राप्त इमारतीच्या पुनर्विकासाला पूर्वी ७० टक्के संमती लागायची, आता ५१ टक्के पुरते. पण सही न करणाऱ्यालाही तितकीच जागा मिळायची असते, त्याचा हक्क बुडत नाही. निवासी भाडेकरूला आज आहे तितकं, पण किमान ३०० चौरस फूट चटई क्षेत्र (भिंती सोडून आतली जागा). फंजिबलची, म्हणजे नियमाप्रमाणे मिळणाऱ्या जादा क्षेत्राची, वाढ वेगळी. १३ जून १९९६ नंतर निर्माण केलेले नवे भाडेकरू या योजनेत धरले जात नाहीत. मालकाने रिकाम्या खोलीचे कागदोपत्री तीन भाग करून नातेवाईक घातले असतील तर ते याच तारखेला अडकतात.

कोऱ्या, अर्ध्या भरलेल्या किंवा फक्त इंग्रजी मजकुराच्या कागदावर सही करू नका. आमच्या मजल्यावर एका काकांनी "फक्त सर्व्हेसाठी" म्हणून सही दिली होती. ती पुढे संमतीपत्राला जोडलेली निघाली. वरचं पान बदललं होतं, स्टेपलची भोकं जुळत नव्हती. तेव्हापासून आम्ही प्रत्येक पानावर सही आणि तारीख घालतो, आणि झेरॉक्स मिळाल्याशिवाय मूळ कागद हातातून सोडत नाही.

सहीआधी हे लेखी हवं: क्षेत्र चटई की बिल्टअप (भिंती धरून), तात्पुरत्या जागेचं भाडं किती आणि ते किती महिन्यांचं आगाऊ, काम रखडलं तर काय, कॉर्पस (पुढच्या देखभालीसाठीचा निधी) किती, आणि कायमस्वरूपी पर्यायी जागेचा नोंदणीकृत करार खोली सोडण्याआधी की नंतर. उत्तर "नंतर" असेल तर सही नको.

१५. म्हाडा कायद्याच्या कलम ७९-अ ची नोटीस आली तर आपणच पुनर्विकास करू शकतो, हे खरं का?

म्हाडा कायद्यातल्या या दुरुस्तीला २०२२ मध्ये राष्ट्रपतींची संमती मिळाली. धोकादायक ठरलेल्या उपकरप्राप्त इमारतीच्या मालकाने सहा महिन्यांत ५१ टक्के संमतीसह प्रस्ताव द्यायचा. त्याने दिला नाही तर पुढचे सहा महिने भाडेकरूंच्या नियोजित संस्थेला, आणि तिनेही दिला नाही तर म्हाडा. कागदावर हे भाडेकरूंच्या हातातलं सर्वात मोठं हत्यार आहे.

पण इमारत रीतसर धोकादायक ठरलेली असणं ही पहिली पायरी आहे. ती वगळून काढलेल्या नऊशेहून अधिक नोटिसा मुंबई उच्च न्यायालयाने जुलै २०२५ मध्ये रद्द केल्या. म्हणून नोटीस आल्यावर पेढे वाटण्याआधी ती कशाच्या आधारावर काढली आहे आणि आज कोर्टात तिची स्थिती काय आहे, हे वकिलाकडून तपासा. आणि सहा महिने थोडे असतात. आर्किटेक्ट, मोजणी, संस्था यांची तयारी आधीच झालेली नसेल तर मुदत सभांमध्येच संपते.

१६. १०० महिन्यांचं भाडं भरून भाडेकरू इमारत घेऊ शकतात असं ऐकलंय.

तशी तरतूद म्हाडा कायद्यात १९८६ पासून आहे, प्रकरण आठ-अ. ७० टक्के रहिवाशांच्या सहकारी संस्थेने मागणी केली तर सरकार मासिक भाड्याच्या शंभरपट रक्कम मालकाला देऊन इमारत संपादित करून संस्थेला देऊ शकतं. मालकांच्या संघटनेने तिला आव्हान दिलं आणि त्यातून निघालेला घटनात्मक प्रश्न नऊ न्यायमूर्तींपुढे गेला. ५ नोव्हेंबर २०२४ रोजी बहुमताने निकाल आला की प्रत्येक खासगी मालमत्ता ही राज्यघटनेच्या अनुच्छेद ३९(ब) मधली "समाजाची भौतिक संसाधनं" ठरत नाही, आणि ही तरतूद त्याच अनुच्छेदाचा आधार घेते. या तरतुदीच्या भरवशावर आज नियोजन करू नका. हिशेबाची वही घेऊन आलेल्या काकांना हे सांगताना वाईट वाटतं, पण खोटी आशा दाखवून वर्गणी घेणारे आसपास फिरत असतात.

१७. इमारत पाडली. मालक म्हणतो, इमारतच नाही तर भाडेकरू कुठला?

सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये स्पष्ट केलं आहे की पालिकेने इमारत पाडली म्हणून भाडेकरूचा हक्क संपत नाही. मुंबई उच्च न्यायालयाच्या त्याच वर्षीच्या मार्गदर्शक सूचनांप्रमाणे धोकादायक इमारत पाडण्याआधी पालिकेने भाडेकरूंची आणि प्रत्येकाच्या ताब्यातल्या क्षेत्राची यादी करायची असते. ती यादी हातात असल्याशिवाय कुलूप लावू नका. यादीत खोली क्रमांक, नाव आणि माप बरोबर आहे का, ते वॉर्ड ऑफिसात बसून तपासा. चूक असेल तर त्याच दिवशी लेखी हरकत द्या.

बाहेर पडताना खोलीचा चारी भिंतींसह व्हिडिओ करा, भिंतीला टेप लावून माप दिसेल असा. मोरी आणि पोटमाळा वेगळे दाखवा. मग भाडं प्रश्न ३ मध्ये सांगितल्याप्रमाणे पाठवत राहा, इमारतीच्या जागी पत्रे ठोकलेले असले तरीही. मनीऑर्डरच्या कुपनवर जुना खोली क्रमांक तसाच लिहायचा.